कमी पैशांत कार्तिकातलं लग्न: तुमच्याकडे कसं झालं?

कोथरूडकरीण
दिवाळीच्या आधीची आवराआवरी काढली आणि माळ्यावरच्या पत्र्याच्या ट्रंकेत बाबांची लाल वही सापडली. माझ्या लग्नाचा हिशेब, १९९३ सालचा. बाबांना जाऊन अकरा वर्षं झाली. त्यांचं अक्षर दिसलं आणि हातातलं फडकं तसंच राहिलं, तासभर स्टुलावर बसून होते.

"नारळ ५१, पैकी ३ नासके, बदलून आणले." "विहीणबाईंची साडी, रंग बदलला, ४० जास्त." आणि एका पानावर "बँड" लिहून त्यावर आडवी रेघ, पुढे "रद्द. भूकंप निधी ११००". किल्लारीचा भूकंप झाला ती ३० सप्टेंबरची पहाट. आपल्याकडे विसर्जनाची मिरवणूक तेव्हा अजून चालू होती. माझं लग्न दोन महिन्यांवर आलेलं. या पैशांचं बाबा कुणालाच बोलले नव्हते. मला वाटलेलं परवडत नाही म्हणून बँड नाही, आणि मी चांगली दोन दिवस रुसून बसले होते.

आता लेकीचं ठरलंय. तुळशीचं लग्न झालं की लगेचच्या मुहूर्तांपैकी एखादा. दोन्ही घरचे मिळून साडेचार लाख, कर्ज काढायचं नाही, हे पोरांनीच ठरवलंय. कार्यालयांचे भाव ऐकून घरी आल्यावर आधी तांब्याभर पाणी प्यायले. तुमचं कसं झालं? कुठे वाचले, कुठे फसलात, कोण रुसलं, सगळं लिहा.

उशीरालतीफ
२७ नोव्हेंबर २०१६. तारखेवरूनच कळलं असेल.
आठ तारखेला रात्री मावशीकडे केळवण. ताटात श्रीखंड, टीव्हीवर नोटा बंद. बाबांनी आदल्याच दिवशी एफडी मोडून दोन लाख घरी आणलेले, सगळ्या हजार-पाचशेच्या नोटा. मावशी आग्रह करतेय आणि बाबा नुसते ताटाकडे बघतायत.
मग लग्नघराला अडीच लाख काढायची सोय निघाली. त्याला पत्रिका, ॲडव्हान्सच्या पावत्या, शिवाय रोख कुणाकुणाला द्यायची त्यांची यादी, आणि त्या माणसाचं बँकेत खातं नाही असं त्याच्याकडून लिहून आणायचं. घोडेवाला म्हणाला, माझी तीन खाती आहेत साहेब, खोटं कसं लिहून देऊ? झाला घोडा रद्द. मी चालत गेलो.
केटरर चेक घ्यायला तयार झाला म्हणून लोक जेवले. आहेराच्या पाकिटांत मात्र नातेवाइकांनी हात धुऊन घेतले. जुन्या पाचशेच्या नोटा, वर एक रुपयाचं नाणं. रुपया तेवढा चालला. महाबळेश्वर राहिलं, नवराबायको बँकेच्या रांगेत.

हडपसरी
खपलो 😂 घोडेवाला प्रामाणिक निघाला

जिलबीवाली
ताई, ताटं मोजायला घरचं माणूस ठेवा. हे एक केलंत तरी पुष्कळ.
आमच्याकडे ३०० ताटांची हमी दिलेली, त्यावर जेवढी होतील तेवढी वेगळी. शेवटी बिल आलं ३८५ चं. हॉलमध्ये खुर्च्याच २५० होत्या! बॅंडवाले, फोटोवाले, ड्रायव्हर, वाढपी, सगळे आमच्या खात्यात. एक ताट पुरीला घेतलं, दुसरं जिलबीला, ती दोन. धाकट्या दिराच्या लग्नात मग काकांना बसवलं खरकट्या ताटांपाशी. वही-पेन्सिल घेऊन, पाचाची गाठ मारत, चार उभ्या आणि एक आडवी. स्वतः जेवले साडेतीनला. केटररच्या माणसाने दोनदा चहा आणून दिला, काका उठले नाहीत. १२ ताटांचा फरक आला फक्त. काकांना त्या दिवशी नवऱ्यापेक्षा जास्त मान मिळाला.
पनीरच्या नादाला लागू नका. मसालेभात, अळूची भाजी, जिलबी, मठ्ठा. कोणी नाव ठेवत नाही.

दोन_चहा
अळू पुण्यातच चालतं हो. आमचे सोलापूरकडचे व्याही वाटीत बघून म्हणाले, हे काय पालक जास्त शिजला का?

जिलबीवाली
@दोन_चहा शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, चिंच-गूळ घातलेल्या अळूला पालक?? तुमच्या व्याह्यांना इकडे पाठवा एकदा

दोन_चहा
आता खातात. मागून खातात. पण पालकच म्हणतात.

स्वल्पविराम
आम्ही पितृपक्षात केलं. नीट वाचलंत, पितृपक्षात.
नोंदणी लग्न, विशेष विवाह कायद्याखाली. नोटीस दिली की ३० दिवस थांबायचं, नोटिशीपासून ३ महिन्यांच्या आत करायचं, साक्षीदार तीन. माझी सुट्टी आणि ते दिवस मोजता मोजता तारीख आली त्या पंधरवड्यात. जेवणापुरतं कार्यालय घेतलं. भाडं नेहमीच्या निम्म्याहून कमी, आणि मॅनेजर दोनदा विचारतोय, "ताई, तारीख बघितलीत ना?" पार्किंग रिकामं, वाढपी निवांत, शेजारच्या हॉलचे ढोल नाहीत.
सासूबाईंच्या दोन बहिणी आल्याच नाहीत. आमची आजी, ८४ वर्षांची, चापूनचोपून नऊवारी नेसून पहिल्या रांगेत. कुणीतरी टोचलंच तिला. म्हणाली, "या दिवसांत हे यायचेच असतात. नातीचं लग्न बघून जातील."

कोथरूडकरीण
@स्वल्पविराम कुकर लावून वाचत होते, शिट्ट्या मोजायच्या राहिल्या. तुमच्या आजींना नमस्कार सांगा.

स्वल्पविराम
ती मागच्या वर्षी गेली ताई. पण आता तीही पितृपक्षात येतेच :)

मंडईचा_नाका
फुलांचं सांगतो, बाकी मला कळत नाही. दसरा आणि लक्ष्मीपूजनाच्या आसपास झेंडूकडे बघूसुद्धा नका. दिवाळी सरली की भाव उतरतो, तेव्हा शेवंतीही येते. पहाटे मार्केट यार्डात जा, सोबत स्वतःची पोती न्या. एकच बघा, झेंडू ओला नको. पोत्यात खालपर्यंत हात घाला, वरची फुलं सगळ्यांचीच छान असतात.
हे मला कसं कळलं? बहिणीच्या लग्नाच्या आदल्या दिवशी अवकाळी पाऊस. स्वस्त मिळाला म्हणून ३० किलो भिजलेला झेंडू घेऊन आलो. दुपारपर्यंत पोत्यात गरम झाला, पाकळ्या काळ्या, वास असा की आत्याने गच्चीचं दार लावून घेतलं. निम्मा गेला. उरलेला रात्री अडीचपर्यंत गच्चीवर बायकांनी दाभणाने ओवला, मी शिव्या खाल्ल्या आणि चहा केला. मांडवाच्या दर्शनी बाजूला झेंडू, मागच्या बाजूला आंब्याचे डहाळे. फोटोत काही कळत नाही.

नाना_पेठ
भाडं विचारू नका, "भाडं सोडून काय काय" ते विचारा. एका कार्यालयाने आम्हाला वीज वेगळी, जनरेटर वेगळा, सफाई वेगळी, डेकोरेटर त्यांचाच, बाहेरून आईस्क्रीम आणलं तर त्याचेही पैसे लावले. शेवटी डिपॉझिटमधून कापले "हळदीचे डाग" म्हणून. लग्नाच्या हॉलमध्ये हळद लागणार नाही तर काय डांबर लागणार?! नाव लिहीत नाही, पण कुठलाही हॉल घ्या, सगळं कागदावर घ्या, कोणत्या खोल्या किती वाजता सोडायच्या तेसुद्धा. आमच्या मुलीला अर्ध्या पाठवणीत "मॅडम, रूम" म्हणून बोलावलं होतं. आजही आठवलं की डोकं फिरतं.

हडपसरी
डांबर 😂😂
बाकी हॉल पाहिजेच कशाला? आमचं सोसायटीच्या पार्किंगमध्ये झालं. खर्च मांडव आणि चेअरमनला पटवायचा.

फक्त_वाचतो
पहिल्यांदाच लिहितोय. डिसेंबर २०२०. तेव्हा ५० माणसांची मर्यादा. ४०० ची यादी ५० वर आणली. बाबांनी यादी केली, आईने खोडली, बाबांनी पुन्हा लिहिली. भटजी, फोटोग्राफर धरून ५० म्हटल्यावर दोन मामा बाहेर गेले. मास्कवर मुंडावळ्या, मंगलाष्टकं म्हणणारी काकू दुसऱ्या ओळीला धाप लागून थांबली. खर्च सगळा मिळून एक लाख दहा हजार. आयुष्यात इतकी स्वस्त गोष्ट आम्ही केली नाही.
थोरला मामा बोलायला लागला. धाकटा अजून नाही. मुलीच्या बारशालाही आला नाही.

जिलबीवाली
@फक्त_वाचतो दिवाळीचा फराळ घेऊन सरळ दारात जा. आणि मुलीला कडेवर घेऊन जा, डबा तिच्या हातात.

फक्त_वाचतो
बघतो. भाऊबीजेला आई जातेच त्याच्याकडे. तिच्याबरोबर जाईन.

पोथीबाहेर
कमी खर्चाचं लग्न ही पुण्याला नवी गोष्ट नाही. सत्यशोधक समाज २४ सप्टेंबर १८७३ ला निघाला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला भटजीशिवाय पहिलं सत्यशोधक लग्न पुण्यातच लागलं, जोतीराव-सावित्रीबाईंच्या पुढाकाराने. माझ्या बहिणीचं आम्ही त्या पद्धतीने केलं, दीड तासात सगळं, शपथा मराठीत, लोकांना कळत होतं काय चाललंय. विधी हवेत पण पसारा नको असेल तर ज्ञानप्रबोधिनीच्या पोथीनुसार सांगणारे पुरोहित असतात, स्त्रियाही असतात, अर्थ सांगत सांगत लावतात.

उशीरालतीफ
अर्थ कळला असता तर मी सप्तपदीत चौथ्या पावलाला थांबलो असतो

पोथीबाहेर
वहिनींना दाखवू का हे?

उशीरालतीफ
त्याच वाचून दाखवतायत मला 🙏

लेमन_सेट
पत्रिकेत "आहेर आणू नये" ठळक छापा. नाही छापलं तर माझं नाव बघा. नऊ आले होते. एक उलटून बघितला तर खाली आमच्याच आत्याच्या लग्नाची चिठ्ठी. एक अजून शिल्लक आहे, कुणाला पाहिजे का?

मंडईचा_नाका
@लेमन_सेट नको. पाठवूच नका.

दोन_चहा
रुखवताचं सामान बोहरी आळीतून घ्या, तुळशीबागेत दुप्पट लागेल. की आता उलटं झालंय? मी जाऊन पाच वर्षं झाली. गुडघे.

जिलबीवाली
@दोन_चहा मेथीचे लाडू चालू करा, थंडी आलीच

कोथरूडकरीण
किती लिहिलंत सगळ्यांनी. लेकीला वाचून दाखवलं. तिने यादीतून घोडा काढला, ताटं मोजायला दिराला सांगितलं, आणि पितृपक्षाचं ऐकून "आई, पुढच्या वेळी" म्हणाली. फटका द्यायला हात उचलला होता.
बँडचं तिला वहीत दाखवलं. ती काही बोलली नाही. संध्याकाळी होणाऱ्या जावयाचा फोन आला, डीजे नको, ते पैसे कुठे द्यायचे ते दोघं बघतायत म्हणे.
बरं, एक विचारायचं राहिलं. फेटे भाड्याने घेतोय. वहीत १५ लिहिलेत. पुरतील ना?

नाना_पेठ
मुलीला मामा किती?

कोथरूडकरीण
सख्खे दोन, चुलत-मावस धरून सात.

नाना_पेठ
२५ घ्या.