मदत हवी आहे: प्लेलिस्टमधली गाणी करडी पडली आहेत, निर्बंध कुठला हे कसं ओळखायचं?

सूरपेटी

सुमारे 600 गाण्यांची प्लेलिस्ट आहे. त्यातली चाळीसेक गाणी करडी दिसतात आणि दाबली तरी वाजत नाहीत. काही गाणी एका फोनवर वाजतात, पण त्याच फॅमिली प्लॅनमधल्या दुसऱ्या खात्यावर वाजत नाहीत. स्पॉटिफाय, ॲपल म्युझिक आणि यूट्यूब म्युझिक तिन्ही वापरात आहेत, त्यामुळे कुठल्याही ॲपबद्दल सांगितलंत तरी उपयोग होईल. व्हीपीएन (आपण दुसऱ्या देशातून जोडलोय असं दाखवणारी सेवा) लावून हे सुटतं का? करडं गाणं यादीतून काढावं की ठेवावं? आणि फाइल विकत घेतली तर ती याच ॲपमध्ये, याच यादीत वाजवता येते का? पायऱ्या कृपया सविस्तर सांगा.

खर्ज

आधी त्या चाळीस गाण्यांची वर्गवारी करा. सगळी करडी गाणी दिसायला सारखी असली तरी कारणं वेगळी असतात, आणि एका कारणावरचा उपाय दुसऱ्याला लागू पडत नाही.

एका खात्यावर वाजतं आणि दुसऱ्यावर नाही, हे बहुतेक वेळा एक्स्प्लिसिट फिल्टरमुळे (आक्षेपार्ह शब्द असलेली गाणी अडवणाऱ्या सेटिंगमुळे) होतं. त्या गाण्याच्या नावाशेजारी चौकोनात 'ई' हे इंग्रजी अक्षर आहे का बघा. ही खूण गाणं पुरवणारी कंपनी लावते, त्यामुळे कधीकधी अगदी निरुपद्रवी गाण्यावरही असते. स्पॉटिफायमध्ये सेटिंग्जमधला एक्स्प्लिसिट कंटेंटचा पर्याय चालू करा. फॅमिली प्लॅनच्या मॅनेजरने तो एखाद्या सदस्यासाठी बंद केला असेल, तर सदस्याच्या ॲपमधून तो बदलता येत नाही. मॅनेजरनेच ब्राउझरमध्ये स्वतःच्या खात्याच्या पानावर जाऊन, फॅमिली विभागात त्या सदस्याचं नाव निवडून तो चालू करायचा. आयफोनवर ॲपल म्युझिकसाठी सेटिंग्ज, मग स्क्रीन टाइम, मग कंटेंट अँड प्रायव्हसी रिस्ट्रिक्शन्स, त्यात संगीताच्या ओळीवर 'क्लीन' ऐवजी 'एक्स्प्लिसिट'. तिथे पासकोड मागितला तर तो ज्याने लावला त्यालाच विचारा. मुलांच्या फोनवर तो मुद्दाम लावलेला असू शकतो.

यूट्यूब म्युझिकमध्ये याच जागी रिस्ट्रिक्टेड मोड असतो, आणि तो ॲपमध्ये बंद दिसत असूनही लागू असू शकतो. शाळा, कार्यालय किंवा पालकनियंत्रण असलेला राउटर डीएनएसच्या (साइटच्या नावावरून तिचा पत्ता शोधणाऱ्या यंत्रणेच्या) पातळीवर तो लादतो. तपासायला वायफाय बंद करून मोबाइल डेटावर तेच गाणं लावून बघा. वाजलं तर दोष नेटवर्कचा. यूट्यूबवर 'चेक कंटेंट रिस्ट्रिक्शन्स' नावाचं पानही आहे. निर्बंध डीएनएसमधून येतोय की कार्यालयाने दिलेल्या गूगल खात्यातून, हे ते पान सरळ सांगतं.

हे सगळं तपासूनही गाणं करडंच राहिलं तर प्रश्न हक्कांचा आहे.

बारा_खुणा

हक्कांचा भाग मी सांगतो, कारण व्हीपीएनच्या प्रश्नाचं उत्तर त्यातच आहे.

कंपनी किंवा वितरक गाणं सेवेकडे पाठवताना सोबत देशांची यादी देतो: या देशांत या तारखेपासून वाजवा, बाकीच्यांत नको. यादीत तुमच्या खात्याचा देश नसेल किंवा कराराची मुदत संपली असेल तर गाणं करडं पडतं. 1 मार्च 2021 ला काकाओ एम या कोरियन वितरकाचा स्पॉटिफायशी असलेला करार संपला आणि शेकडो गाणी जगभर एकाच दिवशी गायब झाली. 11 मार्चला नवा करार झाला आणि ती परत येऊ लागली. नील यंग यांनी जानेवारी 2022 मध्ये आपली गाणी स्पॉटिफायवरून काढून घेतली, ती मार्च 2024 मध्ये परतली. म्हणून करडं गाणं यादीतून लगेच उडवू नका. नोंद राहिली तर गाणं परत आल्यावर बहुधा आपोआप जिवंत होतं, आणि नाही आलं तरी काय हरवलंय हे निदान कळतं. स्पॉटिफायमध्ये न वाजणारी गाणी लपवण्याचा पर्याय असतो. तो बंद ठेवा, नाहीतर गाणी नुसती कमी झालेली दिसतात आणि कुठली गेली ते कळत नाही.

आता यातलाच एक प्रकार, जो सगळ्यात जास्त आढळतो आणि सगळ्यात सोपा आहे: गाणं गेलेलंच नसतं, त्याची फक्त नोंद बदललेली असते. कलाकाराने वितरक बदलला की जुना अल्बम उतरवून तोच नव्याने चढवला जातो. तुमच्या यादीत जुनी नोंद करडी, आणि शोधात नवी नोंद वाजणारी. एकच ध्वनिमुद्रण मूळ अल्बम, सिंगल आणि दोनतीन संकलनांमध्ये असतं, आणि प्रत्येकाचे देश वेगळे असू शकतात. ॲप बरेचदा स्वतःच पर्यायी प्रत जोडून देतं, पण दरवेळी नाही.

शोधताना नावावर विसंबू नका, रीमिक्स आणि कव्हर्सची गर्दी होते. प्रत्येक ध्वनिमुद्रणाला आयएसआरसी नावाचा 12 खुणांचा क्रमांक असतो: पहिली 2 अक्षरं नोंदणीच्या देशाची, पुढच्या 3 खुणा नोंदणीदाराच्या, मग वर्षाचे 2 आकडे आणि शेवटचे 5 आकडे अनुक्रमाचे. हा क्रमांक म्युझिकब्रेन्झ या खुल्या संगीतकोशावर किंवा आयएफपीआय या ध्वनिमुद्रण कंपन्यांच्या जागतिक संघटनेच्या सार्वजनिक शोधपानावर मिळतो. स्पॉटिफायच्या शोधचौकटीत आयएसआरसी ही चार अक्षरं इंग्रजी लिपीत, लगेच कोलन, आणि मध्ये जागा किंवा आडवी रेघ न सोडता क्रमांक लिहा. त्याच मुद्रणाच्या उपलब्ध प्रती समोर येतात. एक गैरसमज मात्र टाळा: पहिल्या दोन अक्षरांचा आणि गाणं कुठे वाजतं याचा काही संबंध नाही.

व्हीपीएन: पैसे भरलेल्या स्पॉटिफाय किंवा ॲपल म्युझिक खात्याचा कॅटलॉग खात्याच्या देशावरून ठरतो, त्या क्षणीच्या आयपी पत्त्यावरून (इंटरनेट जोडणीच्या पत्त्यावरून) नाही. म्हणून व्हीपीएन लावूनही करडं गाणं करडंच राहतं आणि लोक व्हीपीएन कंपनीला दोष देत बसतात. यूट्यूब आयपी बघतं, त्यामुळे तिथे फरक दिसतो. पण प्रादेशिक निर्बंध चुकवणं सेवेच्या अटींत बसत नाही, आणि त्यासाठी खातं बंद झालं तर 600 गाण्यांची यादीही जाते. चाळीस गाण्यांसाठी हा धोका पत्करू नये असं माझं स्पष्ट मत आहे.

मुक्काम_पोस्ट

देशाबद्दल एक भर. खरोखर दुसऱ्या देशात राहायला गेला असाल तर खात्याचा देश बदलणं हाच सरळ आणि वैध मार्ग. स्पॉटिफायचं मोफत खातं परदेशात 14 दिवस चालतं, मग देश बदलावा लागतो, आणि तुम्ही प्रत्यक्ष जिथे आहात तोच देश निवडता येतो. प्रीमियमला परदेशात मुदतीची अडचण नाही, पण देश बदलायचा तर नव्या देशातलं कार्ड किंवा तिथली पैसे भरण्याची पद्धत लागते.

ॲपलमध्ये घाई करू नका. आधी खात्यातली शिल्लक संपवावी लागते आणि वर्गण्या रद्द करून त्यांची मुदत संपेपर्यंत थांबावं लागतं. त्याआधी विकत घेतलेली सगळी गाणी संगणकावर उतरवून ठेवा. नव्या देशाच्या दुकानात ती पुन्हा मिळतीलच असं नाही.

तंबोरा

फाइलचा प्रश्न राहिलाय, आणि माझ्या मते कायमचा उपाय तोच. ज्या गाण्यावर मनापासून प्रेम आहे त्याची स्वतःची प्रत असावी. बँडकॅम्प या संगीत विकणाऱ्या साइटवर फ्लॅक (दर्जा न घटवणारा प्रकार), एमपी3, वेव्ह अशा हव्या त्या प्रकारात फाइल मिळते. आयट्यून्स स्टोअरमधली गाणी 2009 पासून कुलुपाशिवाय (कॉपी अडवणाऱ्या बंधनाशिवाय), 256 केबीपीएस (सेकंदाला किलोबिट) एएसी या एमपी3सारख्या प्रकारात मिळतात. जुनी सीडी असेल तर त्यावरून प्रत काढता येते, मात्र स्वतःपुरती प्रत काढायला तुमच्या देशाचा कायदा मुभा देतो का ते बघा.

स्पॉटिफाय: संगणकावरच्या ॲपमध्ये सेटिंग्ज, तिथे 'शो लोकल फाइल्स' चालू करा आणि 'ॲड अ सोर्स'मधून फोल्डर दाखवा. यासाठी एक वेगळं फोल्डर करा, अख्खं डाउनलोड्स फोल्डर दाखवलंत तर फोनच्या रिंगटोनसुद्धा यादीत येतात. फाइल एमपी3 ठेवा. फ्लॅक असेल तर फूबार2000 किंवा एफएफएमपेग या प्रोग्रॅमने 320 केबीपीएस एमपी3 करून घ्या. मिनिटाला सुमारे 2.4 एमबी लागतात. मूळ फ्लॅक जपून ठेवा, एमपी3वरून फ्लॅक केल्याने गेलेला दर्जा परत येत नाही.

मग ती गाणी तुमच्या प्लेलिस्टमध्ये ओढा. फोनवर आणायला प्रीमियम लागतं. फोन आणि संगणक एकाच वायफायवर, दोन्हीकडे एकच खातं, दोन्हीकडे ॲप उघडं. फोनवरही लोकल फाइल्सचा पर्याय चालू करून त्याच प्लेलिस्टवर डाउनलोड दाबा.

यूट्यूब म्युझिक: अपलोड फक्त संगणकाच्या ब्राउझरमधून होतं, ॲपमधून नाही. वर उजवीकडे प्रोफाइलच्या चित्रावर टिचकी मारून अपलोडचा पर्याय निवडा. फ्लॅक, एम4ए, एमपी3, ओजीजी आणि डब्ल्यूएमए चालतात, मर्यादा 1,00,000 गाण्यांची. ती फक्त तुम्हालाच दिसतात आणि ऐकू येतात. तिन्हींत मला हा मार्ग सगळ्यात बिनत्रासाचा वाटतो.

ॲपल म्युझिक: संगणकावरच्या म्युझिक ॲपमध्ये 'सिंक लायब्ररी' चालू करून फाइल आत टाका. मर्यादा इथेही 1,00,000 गाण्यांची. गाणं ॲपलच्या साठ्यात सापडलं तर तिथली प्रत जोडली जाते, नाहीतर तुमची फाइल चढते. 200 एमबीपेक्षा मोठी किंवा 2 तासांपेक्षा लांब फाइल चढत नाही. सीडीच्या दर्जाची वेव्ह फाइल मिनिटाला साधारण 10.6 एमबी असते, म्हणजे 19 मिनिटांच्या आसपासच 200 एमबीची हद्द येते. लांब मैफलीची फाइल आधी एएसीमध्ये बदला किंवा तुकडे करा. क्लाउडवरून परत उतरवलेली प्रत 256 केबीपीएस एएसी असते, म्हणून मूळ फाइल कधीही पुसू नका.

सूरपेटी

खूप उपयोग झाला. ई खुणेची गाणी मॅनेजरच्या पानावरून सुटली आणि आयएसआरसीने बरीचशी परत मिळाली. आता दोन अडचणी: लोकल फाइल्स संगणकावर वाजतात, पण फोनवर करड्याच राहतात. आणि देवनागरी नावांच्या जागी प्रश्नचिन्हं येतात. शिवाय ॲपमध्ये डाउनलोड केलेली गाणी थेट एमपी3 करून देणारी साधनं दिसली, ती वापरावीत का?

तंबोरा

फोनचं आधी. आयफोन असेल तर सेटिंग्जमध्ये स्पॉटिफायला 'लोकल नेटवर्क'ची परवानगी आहे का बघा. बहुतेक वेळा घोडं तिथेच अडतं. मग राउटर: फोन पाहुण्यांच्या गेस्ट नेटवर्कवर असेल किंवा राउटरमध्ये 'एपी आयसोलेशन' चालू असेल तर दोन उपकरणं एकमेकांना दिसतच नाहीत. संगणकाच्या फायरवॉलमध्ये स्पॉटिफायला खाजगी नेटवर्कवर मुभा द्या. एवढं करून प्लेलिस्टचं डाउनलोड बंद करा, दोन्ही ॲप पूर्ण बंद करून उघडा आणि डाउनलोड पुन्हा चालू करा. तरीही नाही जमलं तर वायफायची वाट सोडा. फाइल्स केबलने फोनमध्येच टाका आणि फोनच्या ॲपमध्ये लोकल फाइल्स चालू करा. आयफोनवर ते चालू केलं की फाइल्स ॲपमध्ये स्पॉटिफायचं फोल्डर दिसतं, त्यात टाका.

प्रश्नचिन्हं टॅगच्या (फाइलमध्ये लिहिलेल्या गाण्याच्या माहितीच्या) जुन्या प्रकारामुळे येतात. आयडी3 या एमपी3च्या टॅग-पद्धतीची पहिली आवृत्ती देवनागरी धरूच शकत नाही आणि प्रत्येक रकान्यात फक्त 30 अक्षरं घेते. एमपी3टॅग हा प्रोग्रॅम उघडा, पर्यायांमध्ये टॅग्ज, मग एमपेग, तिथे लिहिण्यासाठी आयडी3व्ही2.3 यूटीएफ-16 निवडा, आणि आयडी3व्ही1 लिहिणं बंद करा. आधीचे व्ही1 टॅग काढून टाका. प्रश्नचिन्ह झालेली नावं मात्र परत येत नाहीत, ती हाताने भरावी लागतात. भरताना अल्बम आर्टिस्टचा रकाना रिकामा सोडू नका, नाहीतर एकाच अल्बमचे गायकागणिक तुकडे होतात.

बारा_खुणा

त्या साधनांपासून लांब राहा. ॲपमधलं डाउनलोड ही कूटबद्ध प्रत असते, वर्गणी चालू असेपर्यंतची. स्पॉटिफायमध्ये 30 दिवसांत एकदा तरी ऑनलाइन यावं लागतं, नाहीतर डाउनलोड्स निघून जातात. ते कुलूप तोडणं अटींच्या विरुद्ध आहेच, शिवाय वायपोच्या (जागतिक बौद्धिक संपदा संघटनेच्या) 1996 च्या कॉपीराइट कराराच्या कलम 11 नुसार सदस्य देशांना अशा तोडफोडीविरुद्ध कायदेशीर तरतूद ठेवावी लागते. आणि यातली काही साधनं तुमच्या खात्याचा पासवर्ड मागतात. दिला असेल तर आत्ताच बदला आणि खात्याच्या पानावरून सगळ्या उपकरणांवर साइन आउट करा.

शिवाय करडं गाणं ॲपमध्ये डाउनलोडच होत नाही, त्यामुळे ज्या गाण्यांसाठी हा खटाटोप करायचा, त्यांना त्या साधनांचा काहीच उपयोग नाही. उरलेल्या गाण्यांचे आयएसआरसी इथे टाका. कुठल्या प्रती विकत मिळतात ते आपण एकेक करून बघू.