मदत हवी आहे: कादंबरीतलं स्पर्शध्यान
नमस्कार मंडळी. मी कादंबरीसाठी एक काल्पनिक जग रचतेय. तिथली माणसं जमिनीखालच्या गुहांत, जवळजवळ अंधारातच राहतात. त्यामुळे त्यांचं ध्यान हातांनी होतं. भिंतीवर कोरलेल्या लांबलचक रेघेवरून साधक बोटं फिरवत जातो; कित्येक पिढ्यांच्या बोटांनी ती रेघ गुळगुळीत झालेली आहे.

अडलंय ते पुढे. हात एकाच जागी ठेवला की त्वचेला सवय होते आणि स्पर्श जाणवेनासा होतो, अंगावरच्या कपड्यांसारखा. म्हणजे बोट फिरतं हवंच. पण मग मन कुठे स्थिरावतं? जपमाळेत १०८ मणी झाले की मेरुमणी न ओलांडता माळ उलटी फिरवतात. तसा एखादा थांबा या रेघेलाही द्यावा का?

तुमच्यापैकी कुणी नियमित करन्यास (मंत्र म्हणत बोटांना, तळहातांना स्पर्श करण्याचा विधी) करतं का, किंवा ब्रेल वाचतं का? सराव झाल्यावर आधी स्पर्श जाणवतो की थेट मंत्र, अक्षर? विपश्यना केलेल्यांनीही सांगा, अंगावरची संवेदना निरखत राहिलं की ती बोथट होते की सूक्ष्म? अख्ख्या प्रकरणाचा जीव या एका प्रसंगात आहे, म्हणून मला ते वरवरचं लिहायचं नाहीये. अगदी बारीकसारीक तपशीलही चालेल.