छऱ्याची घनता तांब्याएवढी येतेय, पण छर्रा चुंबकाला चिकटतो. कुठे चुकलं?

बेंच_क्र_४

स्टीलच्या बेअरिंगचा छर्रा आहे. स्क्रू गेजने व्यास, तराजूने वस्तुमान आणि त्यावरून घनता काढायची आहे. वाचनं अशी:

वस्तुमान ८.३७ ग्रॅम (तराजूचं लघुत्तम माप, म्हणजे मोजता येणारं सर्वात लहान माप, ०.०१ ग्रॅम).
गेजच्या गोल पट्टीवर ५० भाग, लघुत्तम माप ०.०१ मिमी.
टोकं मिटल्यावर गोल पट्टीची ४७ वी रेघ आडव्या रेषेवर येते, म्हणून शून्य त्रुटी (मध्ये काहीच नसताना गेज दाखवतं ते माप) ०.०३ मिमी धरली.
छर्रा धरल्यावर मुख्य पट्टी १२, गोल पट्टी १७. म्हणजे १२.१७, त्यातून ०.०३ वजा करून १२.१४ मिमी.

घनफळ ०.९३७ घनसेमी आणि घनता ८.९३ ग्रॅम प्रति घनसेमी आली. तांब्याची ८.९६ असते! एसआय एककात तर ०.८९ किग्रॅ प्रति घनमीटर येतंय. सूत्र तीनदा तपासलं, बरोबर आहे.

आटे_आणि_पिच

सूत्र बरोबरच आहे, वाचन चुकलंय. तेही दोन ठिकाणी.

गोल पट्टीवर ५० भाग आणि लघुत्तम माप ०.०१ मिमी असलेल्या गेजची पिच ०.५ मिमी असते. एक पूर्ण फेरा दिला की स्क्रू अर्धाच मिलिमीटर सरकतो. खात्री करायची तर पाच फेरे द्या, मुख्य पट्टीवर अडीच मिमी सरकलेलं दिसेल. वहीत बहुतेक ठिकाणी १ मिमी पिच आणि १०० भागांचं गेज गृहीत धरलेलं असतं. लघुत्तम माप दोन्हींचं ०.०१ मिमीच येतं, त्यामुळे फरक लक्षातच येत नाही. तुमच्या गेजवर आडव्या रेषेच्या एका बाजूला पूर्ण मिमीच्या रेघा असतील आणि दुसऱ्या बाजूला अर्ध्या मिमीच्या. १२ च्या पुढची अर्ध्याची रेघ उघडी पडलेली असणार, ती मोजायची राहिली. म्हणजे वाचन १२.५ + ०.१७ = १२.६७.

पडताळा सोपा आहे. तोच छर्रा व्हर्नियर कॅलिपरमध्ये धरा. तिथे १२.७ आलं आणि गेजवर १२.२ च्या आसपास, तर अर्ध्याची रेघ सुटली असं खुशाल समजा.

आता शून्य त्रुटी. टोकं मिटल्यावर ४७ वी रेघ रेषेवर असेल, तर गोल पट्टीचा शून्य आडवी रेषा ओलांडून तीन घरं वर गेलाय. ही ऋण त्रुटी, उणे ०.०३. गेज प्रत्येक माप ०.०३ ने कमी दाखवतंय, म्हणून मिळवायचे: १२.६७ + ०.०३ = १२.७० मिमी. तो शून्य आडव्या रेषेच्या खाली राहिला असता (समजा ३ री रेघ जुळली असती) तर वजा केले असते.

मोजपात्र

एवढी कटकट कशाला? मोजपात्रात पाणी घ्या, छर्रा सोडा, पातळी किती चढली ते बघा. घनफळ थेट मिळतं.

आटे_आणि_पिच

एका छऱ्यासाठी नाही चालणार. घनफळ आहे जेमतेम १.०७ मिली आणि ५० मिलीच्या साध्या मोजपात्रावर रेघा १ मिलीच्या. पातळी १ मिली चढली म्हटलं तर घनता ८.३७, दीड म्हटलं तर ५.५८. पाण्यानेच करायचं असेल तर सारखे वीस छर्रे एकदम टाका. साडेएकवीस मिलीच्या आसपास पाणी चढेल, मग अर्ध्या मिलीची चूक झाली तरी अडीच टक्क्यांवर जात नाही. पात्र हलवून बुडबुडे सुटू द्या, नाहीतर घनफळ जास्त आणि घनता कमी येते.

तीनदा_मोज

१२.७० धरून घनफळ १.०७३ घनसेमी, घनता ७.८०. बेअरिंगच्या स्टीलला शोभेल अशी. नुसती अर्ध्याची रेघ सुधारून शून्य त्रुटी वजाच ठेवली असती तर १२.६४ वरून ७.९२ आली असती. आकडा स्टीलच्या जवळचा, म्हणून ही चूक कुणाला खटकलीही नसती. मला तीच जास्त धोक्याची वाटते.

एसआयचा घोळ असा: ग्रॅमला १००० ने भागून किग्रॅ केले ते बरोबर, पण घनसेमीला १०० ने भागून घनमीटर केलेत. १०० ने भागायचं ते लांबीला. घनफळात लांबी तीनदा येते, म्हणून भागाकारही तीनदा: १ घनमीटर = १०,००,००० घनसेमी. ग्रॅम प्रति घनसेमीला सरळ १००० ने गुणा, ७८०० किग्रॅ प्रति घनमीटर. तुमचं ०.८९ म्हणजे हवेपेक्षाही (सुमारे १.२) हलकं झालं, छर्रा छताला लागला असता.

उत्तर ७.८०४१ असं लिहू नका. व्यासात १२.७० ला ०.०१, म्हणजे ०.०८ टक्के. व्यासाचा घन होतो, म्हणून तिप्पट: ०.२४. वस्तुमानाची ०.१२ टक्के. मिळून ०.३६ टक्के, म्हणजे ७.८० ± ०.०३.

मोजताना टोकं कोऱ्या कागदाने पुसा. शेवटचा फेरा रॅचेटनेच (स्क्रूच्या टोकाची, जास्त दाब आला की घसरणारी छोटी मूठ) द्या, टिक-टिक दोन-तीनदा वाजली की थांबा. मुठीने आवळलं तर माप कमी येतं. स्क्रू एकाच दिशेने फिरवत आणा. पुढे गेला तर बराच मागे घेऊन पुन्हा पुढे आणा, कारण आट्यांत ढिलाई असते. छर्रा फिरवून पाच जागी मोजा आणि सरासरी घ्या.

बेंच_क्र_४

अर्ध्याची रेघ खरंच उघडी होती, आडव्या रेषेच्या खालच्या बाजूला. पाच जागी मोजलं: १२.७०, १२.७०, १२.६९, १२.७०, १२.७०. एवढं सारखं कसं?

आटे_आणि_पिच

इंच म्हणजे नेमके २५.४ मिमी. निम्मे करा. छर्रा अर्ध्या इंचाचा आहे.