मदत हवी आहे: भाड्याच्या जागेवर शेड आपलं, जमीन विकत मागता येते का?

नमस्कार मंडळी. सांगलीत मार्केट यार्डाजवळ वडिलांनी १९८६ साली मोकळी जागा भाड्याने घेतली आणि स्वतःच्या पैशाने हळद साठवायचं शेड बांधलं. लोखंडी कैच्या, वर पत्रा, खाली शहाबादी फरशी. फरशीच्या सांध्यांत आजही पिवळं बसलेलं आहे, कितीही धुवा. आता मालकाच्या मुलांनी वकिलामार्फत जागा खाली करायची नोटीस धाडली आहे.

आमचे चुलते म्हणतात, कुळाला जमीन मिळते. पण कूळ कायद्यातला १ एप्रिल १९५७ चा कृषक दिन (त्या दिवशी कसणारं कूळ मालक झालं असं धरतात), कलम ३२ ग ची खरेदी किंमत, कलम ३२ म चा खरेदीचा दाखला हे सगळं शेतजमिनीचं. आमची जागा बिगरशेती. तमिळनाडूत मात्र १९२१ च्या शहर भाडेकरू संरक्षण कायद्याच्या कलम ९ खाली, जागेवर स्वतः बांधकाम केलेला भाडेकरू खाली करण्याच्या दाव्यात लागेल तेवढी जमीन विकत मागू शकतो. महाराष्ट्रात असं काही आहे का? १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्यात खरेदीचा हक्क मला सापडला नाही.

निदान शेड उचलून नेता येईल ना? भाडेपावत्या सगळ्या जपून आहेत. सांगलीत असा दावा कुणी लढवला असेल तर कृपया सांगा. वडील रात्री झोपत नाहीत.