लाजाळूचं घड्याळ अंधारात तिसऱ्या दिवशी बंद का पडतं?

चिंचपान:
शाळेच्या विज्ञान मंडळासाठी जैविक घड्याळाचा प्रयोग लावायचा आहे. 1729 मध्ये फ्रान्समध्ये द मेराँ या शास्त्रज्ञाने लाजाळूसारखं झाड अंधारात ठेवलं, तरी त्याची पानं वेळेवर उघडत-मिटत राहिली, तोच. मांडणी अशी: लाकडी कपाट, फटींना काळी चिकटपट्टी, आत लाजाळूच्या 2 कुंड्या, वर लाल झिरोचा बल्ब, मोबाइल दर तासाला फोटो घेतो. पाणी रोज सकाळी 7 वाजता. पहिले दोन दिवस झकास. तिसऱ्या दिवशी पानं अर्धवटच उघडतात, चौथ्या दिवशी जवळपास हलत नाहीत, खालची पिवळी पडतात. घड्याळ बंद पडतं का? आणि परीक्षकाने विचारलं, "कपाटात दिवसाची ऊब पोचतेच की, मग हे आतलं घड्याळ कशावरून?" तर काय सांगायचं?

हिरवा कंदील:
घड्याळ चालू आहे, काटे हलवायला जोर उरलेला नाही. लाजाळूच्या देठाच्या आणि प्रत्येक पर्णिकेच्या (पानातल्या छोट्या पात्याच्या) बुडाशी फुगीर गाठ असते. तिच्या एका बाजूच्या पेशींत पोटॅशियम शिरतं, मागोमाग पाणी शिरतं, ती बाजू फुगते आणि पान हलतं. पोटॅशियम आत ढकलणाऱ्या या पंपाला ऊर्जा लागते. अंधारात अन्न तयार होत नाही, साठा दोन-तीन दिवसांत संपतो, म्हणून हालचाल लहान लहान होत जाते.

उपाय सोपा आहे. सतत अंधाराऐवजी सतत मंद उजेड. 5 ते 7 वॅटचा पांढरा एलईडी, झाडापासून साधारण अर्धा मीटर वर, 24 तास चालू. घड्याळाला हवी ती "वेळेची खूण नसणं" ही अट त्यातही पाळली जाते, कारण उजेड बदलतच नाही. फार प्रखर मात्र नको, काही झाडांची लय त्यात दबून जाते. वनस्पतिशास्त्रज्ञ द कांडोलने 1832 मध्ये लाजाळू सतत उजेडात ठेवली, तेव्हा तिचा फेरा (एकदा उघडल्यापासून पुन्हा उघडेपर्यंतचा वेळ) 22 ते 23 तासांचा निघाला. परीक्षकाला हाच आकडा दाखवा. बाहेरची ऊब हलवत असती, तर फेरा बरोबर 24 चा आला असता.

रातकिडा:
वरचं पटलं, पण खरा घोळ त्या लाल बल्बात आणि सकाळी 7 च्या पाण्यात आहे. लाल उजेड झाडाला "दिसत" नाही हा समज जुना आणि चुकीचा. 1930 च्या सुमारास जर्मनीत रोझ स्टॉपेल यांच्या अंधाऱ्या खोलीतल्या घेवड्याची पानं रोज पहाटे 3-4 च्या सुमारास पूर्ण खाली यायची. बाहेरून काहीतरी वेळ कळवतंय असं त्यांना वाटलं. ब्युनिंग आणि स्टर्न या शास्त्रज्ञांनी बटाट्याच्या तळघरात प्रयोग लावला आणि उलगडा झाला: सकाळी पाणी घालताना लागणारा लाल दिवाच घड्याळ लावत होता. तो काढल्यावर फेरा 25.4 तासांचा आला.

तुमचा बल्ब सतत चालू आहे की फक्त पाण्याच्या वेळी, हे लिहिलेलं नाही. फक्त पाण्याच्या वेळी असेल, तर तुम्ही हाताने घड्याळ लावताय. पांढरा एलईडी सतत ठेवला की लाल दिव्याची गरजच नाही. तरी दार उघडूच नका. नायलॉनच्या दोरीची वात कुंडीच्या तळाच्या भोकातून खाली पाण्याच्या भांड्यात सोडा. सुतळी कुजते. एक लिटरचं भांडं लहान कुंडीला आठवडाभर सहज पुरतं. मोबाइलचा फ्लॅश बंद आहे ना, एवढं बघा. विनोद नाही, अनेक प्रयोग तिथेच वाया जातात.

दोनपाळी:
परीक्षकाचं तोंड बंद करायचं असेल, तर झाडांच्या दोन पाळ्या करा. दोन कप्पे, दोन टायमर. पहिल्या गटाला सकाळी 7 ते संध्याकाळी 7 उजेड, दुसऱ्याला संध्याकाळी 7 ते सकाळी 7. एक आठवडा असं चालवा, मग दोघांनाही एकाच वेळी सतत मंद उजेडात टाका. आतलं घड्याळ खरं असेल, तर एक गट उघडलेला असताना दुसरा मिटलेलाच राहील, तेही शेजारी शेजारी. ऊब किंवा रहदारीची धडधड हलवत असेल, तर दोन्ही गट हळूहळू एका तालावर येतील. गटात निदान 4 झाडं घ्या, 2 वर काही सिद्ध होत नाही.

आणि हट्ट नसेल तर लाजाळू सोडा, राजमा लावा. लाजाळूला टेबलाचा धक्का किंवा पंख्याची झुळूक लागली की ती मिटते, पुन्हा उघडायला 15-20 मिनिटं घेते, आणि फोटोत ती झोप की लाज ते कळत नाही. राजमाला ही खोड नाही. पेरल्यावर दहा-बारा दिवसांत पहिली जोडपानं मोठी होतात, दिवसा आडवी, रात्री खाली लटकलेली. बाजूने फोटो घ्या, देठ आणि पान यांमधला कोन मोजा. लाजाळूच घेणार असाल तर फक्त पर्णिका मोजा, मुख्य देठाची रात्रीची हालचाल सरळ नसते. फोटो तासाला नको, 15 मिनिटांना: दिवसाला 96.

चिंचपान:
आभार, बल्ब फक्त पाण्याच्या वेळीच लावतो! वर्गात तापमान दुपारी 31, पहाटे 24 असतं. गरम दिवशी घड्याळ पळेल का?

हिरवा कंदील:
इथे दोन गोष्टी वेगळ्या ठेवा. सतत 24 अंशात ठेवा की सतत 31 अंशात, फेऱ्याची लांबी फारशी बदलत नाही. घड्याळ ऊब सोसतं. पण रोज 24 ते 31 असा चढउतार मिळाला, तर तो उजेडासारखाच वेळ लावतो. तुम्हाला धोका या चढउताराचा आहे. कपाट पश्चिमेच्या भिंतीपासून लांब घ्या, आत पाच-पाच लिटरचे पाण्याचे दोन-तीन कॅन ठेवा, एलईडीचा अ‍ॅडॅप्टर बाहेर. किमान-कमाल तापमापी लावा. चढउतार 2 अंशांच्या आत आला की सुरू करा.

रातकिडा:
तक्त्यावर 22.5 तासांचा फेरा नुसता आकडा म्हणून लिहू नका. पान रोज दीड तास आधी उघडतं, म्हणजे सकाळी 7 ला उघडणारं सहा दिवसांनी रात्री 10 ला उघडेल. मुलांना हे लगेच कळतं. राजमा बहुधा त्या 25.4 तासांच्या घेवड्यासारखा उलट दिशेने, रोज उशिरा सरकेल.

अवांतर: मदुराईजवळच्या गुहेत एम. के. चंद्रशेखरन आणि सहकाऱ्यांनी वटवाघळं पिंजऱ्यात ठेवली होती. बाकीचा थवा मोकळा ये-जा करत असेपर्यंत पिंजऱ्यातलं वटवाघूळ 24 तासांच्या तालावर राहायचं. थवा नसला की त्याची वेळ सरकत जायची. त्यामुळे प्राण्यांवर प्रयोग करणार असाल, तर नुसता उजेड बंद करून भागत नाही.