जांबोटी रोडवरच्या जुन्या घराची दारं: ऑइल पेंट की पीयू पॉलिश?

जांबोटी_रोड
नमस्कार मंडळी. आमचं घर जुनं, कौलारू. पुढचं दार सागवानी, दोन फळ्यांचं. त्यावर आजोबांच्या काळापासून ऑइल पेंटचे थर चढलेत आणि खालच्या अंगाला पोपडे निघतायत. दार पश्चिमेला, त्यामुळं पावसाची झड थेट त्याच्यावरच. आतली दोन दारं फणसाची, जुनं पॉलिश केलेली. रंगारी म्हणतो सगळं खरवडून पीयू (पॉलियुरेथेनचं पॉलिश) मारूया. खर्च ऐकून गप्प बसलोय. मे चालू आहे, मिरगाच्या आत उरकायचंय. आणि ते पाण्याचं इनॅमल बाहेर चालतं का?

वडगावचा_रंगारी
तिन्ही दारांना एकच औषध कशाला? पुढच्या दाराला ऑइल पेंटच मारा. पीयू पारदर्शक असतं, ऊन त्यातून आरपार लाकडापर्यंत जातं. पश्चिमेच्या दाराला बाहेरच्या कामाचं पीयू मारलं तरी काही वर्षांनी खालचं लाकूड काळवंडतं आणि थर सुटायला लागतो. रंग ऊन अडवतो. शिवाय पॉलिशसाठी लाकूड पार उघडं करावं लागतं, आणि सागाच्या रेषांत मुरलेला जुना रंग काढायचा म्हणजे मजुरीच जास्त.

घट्ट बसलेला रंग काढूच नका. पोपडे पत्र्यानं खरवडा, बाकीच्यावर १२० नंबरचा पॉलिश पेपर मारून चमक घालवा. उघड्या पडलेल्या लाकडाला आधी प्रायमर, मगच लांबी (खड्डे-भेगा भरायची तेलातली पुट्टी). कोरड्या लाकडावर थेट लांबी भरली की लाकूड तिच्यातलं तेल पितं आणि ती सुटते. भिंतीची पुट्टी तर लाकडाला लावूच नका, गावाकडं सर्रास लावतात. लाकूड हलतं, ती हलत नाही, तडे जातात. लांबी वाळली की १८० चा पेपर, परत प्रायमर, आणि रात्रभराच्या अंतरानं रंगाचे दोन पातळ हात. एकच जाड हात मारला तर वरून वाळतो, आतून ओलाच राहतो.

हिंडलगा_अक्का
खरवडताना जपा हं. २०१७ च्या नोव्हेंबरपासून घरगुती रंगात शिसं ९० पीपीएमच्या (दहा लाख भागांत ९० भाग) वर चालत नाही. आजोबांच्या वेळी अशी सक्ती नव्हती, जुन्या थरांत शिसं असू शकतं. म्हणून पाणी मारून ओल्या पेपरनं घासा, तोंडाला चांगला मास्क लावा, पोरांना लांब ठेवा. ब्लोलॅम्प लावून जाळायला जाऊ नका, त्याचा धूर आणखी वाईट. पोपडे अंगणात न झाडता खाली कागद घालून गोळा करा.

जांबोटी_रोड
बरं झालं सांगितलंत. अजून एक, दार दरवर्षी श्रावणापर्यंत फुगून बसतं. सुतार येतो, रंधा मारतो, आणि उन्हाळ्यात फट पडते.

वडगावचा_रंगारी
पडणारच की. भर पावसात रंधा मारायचा नाही, फुगलेलं लाकूड नंतर आकसतंच. खरी गोम माथा आणि तळात आहे. दार जागेवर ठेवून रंगवतात, त्यामुळं खालची कड कोरीच राहते, आणि लाकडाची नळी तिथंच उघडी असते. पाणी तिथून चढतं. तुमचे पोपडे खालीच निघालेत ना? बिजागऱ्या काढून दार आडवं घाला, माथा-तळाला प्रायमर मुरवा आणि रंगाचे दोन हात द्या. माझ्या मते कंपनी कुठली घ्यायची यापेक्षा हे महत्त्वाचं. खाली ३ मिलिमीटर फट राहू द्या.

रंग सकाळी मारा. पश्चिमेचं दार तेव्हा सावलीत असतं, आणि दुपारी वळीव आला तरी तोवर वरचा थर आवळलेला असतो. दार ७ बाय ४ फूट असेल तर दोन्ही बाजू आणि कडा धरून साठेक चौरस फूट. लिटरमध्ये साधारण १०० चौरस फुटांना एक हात होतो. म्हणजे एक लिटर आणि एक अर्धा लिटर पुरेल.

निपाणीकर
पाण्याच्या इनॅमलबद्दल: बाहेरचं म्हणून लिहिलेलं असेल तर चालतं. वास कमी, आणि पांढरं घेतलं तर ऑइल पेंटसारखं अंधाऱ्या खोलीत पिवळं पडत नाही. पण जुन्या ऑइल पेंटवर नीट घासून, प्रायमर मारूनच. नाहीतर नखानं सोलून निघतं.

हिंडलगा_अक्का
फणसाच्या दारांना रंग मारू नका हो! पिवळं लाकूड वयानं काय सुंदर तांबूस होतं. साबणाच्या पाण्यात पिळलेल्या फडक्यानं काजळी काढा, वाळलं की २२० चा पेपर हलका फिरवा आणि लाखेचं पॉलिश करा. न्हाणीजवळचं दार असेल तर मात्र लाख नको, पाण्यानं पांढरे डाग पडतात. तिथं मेलामाइन (पाण्याला टिकणारं पॉलिश) करून घ्या. जवसाचं तेल वापरलंत तर तेलाची फडकी चुरगाळून कोपऱ्यात टाकू नका, आपोआप तापून पेट घेतात. दोरीवर पसरून वाळवा.

जांबोटी_रोड
ठरलं तर, रविवारी बिजागऱ्या काढतो. आईला पूर्वीचाच गडद निळा हवाय.

वडगावचा_रंगारी
निळाच घ्या, पण एक शेड फिकी. गडद रंग पश्चिमेच्या उन्हात जास्त तापतो आणि लवकर विटतो. आणि दोन्ही डबे एका बादलीत मिसळून घ्या, शेडमध्ये फरक असला तर एका फळीवर उठून दिसेल.