जिन्यातलं पोस्टर (सोसायटी ग्रुप)

कदम वहिनी (204): नमस्कार. जिन्यात त्या मिशाळ माणसाचं पोस्टर परत लागलंय. मागच्या वेळी सांगून झालंय. आमचं पोरगं विचारतंय, आई, हे कुठले आमदार?

रोहित (401): वहिनी, तो पाब्लो एस्कोबार, कोलंबियाचा ड्रग माफिया, 'नार्कोस' सिरीजमधला 😄 1982 ला कोलंबियाच्या संसदेत बदली सदस्य म्हणून निवडून आलेला. पोरगं फार चुकलं नाही.

शिंदे सर: असले निवडून येतात यात नवल काय.

चेअरमन: राजकारण नको. नियम वाचा.

कदम वहिनी: पोस्टर कोण काढणार?

रोहित: अहो, सिरीजमध्ये त्याचं वाटोळंच दाखवलंय. आधी स्वतः बांधून घेतलेल्या तुरुंगात ऐशमध्ये राहतो, 1992 ला तिथनं पळतो. शेवटी सोबत एकच अंगरक्षक. पोराला फोन लावतो, त्यावरनंच पोलीस माग काढतात. 2 डिसेंबर 1993, मेडेयीन शहरातल्या कौलांवर खल्लास. आदल्या दिवशी 44 वा वाढदिवस झालेला.

देशपांडे काका (101): खात्यात आयुष्य गेलं माझं, मला शिकवू नको. नोव्हेंबर 1989 ला त्यानं विमानात बॉम्ब ठेवायला लावला. विमानातली 107 माणसं गेली, खाली जमिनीवरची 3. ज्याला मारायचं तो निवडणुकीतला उमेदवार गविरिया विमानात बसलाच नव्हता, पुढं राष्ट्राध्यक्ष झाला. दहा भाग त्याचा रुबाब बघायचा आणि शेवटी तास-दीड तास वाटोळं. पोरं भिंतीवर काय लावणार?

रोहित: काका, तो विमानाचा भागही दाखवलाय की. तुम्ही बघितलंय का?

देशपांडे काका: नाही. बघणारही नाही.

कदम वहिनी: पोस्टर.

माने (203): एस्कोबार म्हणजे 94 च्या वर्ल्डकपला सेल्फ गोल मारलेला ना?

रोहित: तो आंद्रेस, कोलंबियाचा फुटबॉलपटू, वेगळा. त्यालाही मेडेयीनमध्येच गोळ्या घातल्या, 2 जुलै 1994 ला.

माने: सेल्फ गोलला गोळ्या! आमच्या कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर नुसत्या शिव्या बसतात.

पाटील काका (302): पीटीएमचा, म्हणजे पाटाकडील तालमीच्या टीमचा, बचाव बघून शिव्यापण कमी पडतात.

शिंदे सर: पेठेचं नाव जपून घ्यायचं, पाटील.

पाटील काका: गंमत केली हो सर. तुम्ही लगेच अंगावर घेताय.

जोशी मॅडम: 'नार्कोस'मध्ये पाब्लो झालेला नट मुळात ब्राझीलचा. त्याची स्पॅनिश ऐकून कोलंबियातले लोक वैतागलेले. आपल्याकडं मालिकेत मुंबईचं पोर 'नाद खुळा' म्हणतंय, तसंच.

माने: 😂😂 जगात भारी, मॅडम.

कदम वहिनी: फुटबॉल झाला, भाषा झाली. आता पोस्टर?

चेअरमन: वहिनी, रविवारी वॉचमनला सांगतो.

देशपांडे काका: रविवारी त्याची सुट्टी असते. चेअरमननाच माहीत नाही.

चेअरमन: काका, तुम्ही व्हा चेअरमन. मनापासून सांगतोय.

कदम वहिनी: राहू दे. मीच काढलं. चिकटपट्टीबरोबर रंगपण निघालाय. खर्च कुणाकडं मागायचा?

चेअरमन: वार्षिक सभेत घेऊ.

रोहित: वहिनी, पोस्टर परत द्या की. दीडशेचं होतं.

कदम वहिनी: घंटागाडीत गेलं.